बांधावरची करवंदी

९ मार्च

ही डायरी खताच्या दुकानातून फुकट आलेली. वर कपाशीच्या बोंडाचं चित्र आणि आत नाव माझ्या लेकाच्या, माऊलीच्या वडलांचं. ते जाऊन दीड वर्ष झालं, पण दुकानदाराच्या लेखी ते अजून खत नेतात. आजवर कोरी पडून होती. आज उघडली, कारण आज वावरात जे झालं ते रामराव उद्या गावात दुसऱ्याच चालीवर सांगंल, आणि त्याचं बोलणं इतकं गोड असतं की चार दिवसांनी मलाही तेच खरं वाटायला लागंल.

रामराव म्हणजे माझा धाकटा दीर. त्याचं वावर वरच्या अंगाला, माझं खालच्या. मधी बांध, आणि बांधावर या टोकापासून त्या टोकापर्यंत करवंदीची जाळी. सध्या फुलावर आलीय. बारीक पांढरी फुलं, पण वास असा की रस्त्यानं जाणारा मोटारसायकलवाला हळू होतो. सकाळी गेले तर त्या जाळीला तोंड लावून जेसीबी उभा.

"वहिनी, उन्हात कशाला आल्या?" रामराव म्हणला. "ही जाळी काढून टाकतो. डुकरं लपतात तिच्यात, ट्रॅक्टर वळत न्हाई. दोन्ही वावरं एक झाली की नांगरट एका दमात व्हईल. तुमच्या भल्याचंच करून राह्यलो. कागदावर तुमचं तुमचंच राहील."

मी म्हटलं, "कागदावर ज्वारी येते का रे?"

तो हसला. तो हसला की समजायचं ऐकणार न्हाई. मंग मी जेसीबीच्या त्या दातऱ्या सुपड्यापुढं मांडी घातली, फडकं सोडलं आणि भाकरी खायला लागले. ड्रायव्हर परमुलखातला, हात जोडून म्हणतो माताजी उठिए. मी म्हटलं, आमच्यात जेवत्या माणसाला उठवत न्हाईत. त्यानं रामरावकडं बघितलं. रामराव तरी काय बोलणार, रस्त्यावर चार माणसं थांबलेली. मी इतकं सावकाश आयुष्यात कधी जेवले न्हाई. शेवटी ड्रायव्हर कंटाळला आणि मशीन घेऊन गेला.

घरी आल्यावर दार लावलं आणि तांब्याभर पाणी एका दमात प्यायले. पण ते कोणाला दिसलं न्हाई.

१० मार्च

माऊलीचा फोन. तो जालन्याला लोखंडाच्या कंपनीत आहे, खोली करून राहतो. बातमी माझ्याआधी त्याच्यापाशी पोचली.

"माय, सगळ्या गावात हसं केलंस. मी काकाला हो म्हणून बसलोय."

"तू हो म्हणणारा कोण? सातबाऱ्यावर माझं नाव आहे."

"अगं, एका झुडपासाठी?"

झुडूप म्हणे. तो रांगत होता तेव्हाची गोष्ट. भावाभावांची वाटणी झाली आणि रामरावचा नांगर दर साली बांध खायला लागला. आज चवडाभर, पुढच्या साली वीतभर. विचारलं की म्हणायचा, बैल ओढतात, मी काय करू. माऊलीचे वडील भांडणारे नव्हते. ते आणि मी गुपचूप डोंगराला गेलो, करवंदीची रोपं आणली आणि बांधावर लावली. जाळी मोठी झाली, काटे झाले, आणि रामरावच्या बैलांची ओढ एकदम बंद पडली. म्हणून ती जाळी म्हणजे माझा बांध आहे. जाळी गेली की बांध जाईल, बांध गेला की वावर जाईल, आणि मंग मी रामरावच्या दारात पोत्यासाठी हात पसरणारी विधवा भावजय होईन. हे मी जिवंतपणी होऊ देणार न्हाई.

माऊलीची बायको मोनाली माझ्यापाशी राहते. वडीगोद्रीची आहे, बापाचं हायवेला दुकान. दिसायला गरीब, दिवसभर मोबाईलमधी बघून काय तरी वाचत बसते. माऊलीनं तिला इथं का ठेवलं ते मला बराबर कळतं. माझ्यावर ध्यान ठेवायला.

१९ मार्च, पाडवा

शेजारचे सर्जेराव गुढीच्या पाया पडायला आल्ते. म्हणाले, "वहिनी, डोकं चालवा. जाळीत एक दगड ठेवा, शेंदूर फासा, नारळ फोडा. मंग रामरावचा बाप आला तरी हात लावणार न्हाई."

मोनालीनं पण मान हलवली. मी न्हाई म्हटलं. बांध माझा आहे, आणि माझा आहे म्हणून तो राहिला पाहिजे. देवाला खोट्या साक्षीला उभं करून वाचवलेला बांध मला नको. सर्जेराव म्हणाले, लई ताठ आहात. आहे.

४ एप्रिल

रोज दुपारी बांधावर जाऊन बसते. गुडघे बोलतात. आज ऊन असं होतं की जाळीतल्या मधमाश्या पण गप होत्या. फुलं गळून हिरवी फळं धरलीत.

बसल्या बसल्या मनात आलं की मी कोणासाठी बसून राह्यलेय. माऊली शेती करणार न्हाई. मी गेल्यावर तो हे वावर काकालाच देणार. मंग आजच दिलं तर काय बिघडलं? लोक म्हणतील शहाणी बाई, सुखानं लेकाकडं गेली.

असं वाटलं खरं. मंग त्यांची आठवण आली. मे महिन्यात ते खिशात करवंदं भरून आणायचे, पांढऱ्या सदऱ्याच्या खिशाला जांभळा डाग. मी धुवून धुवून दमायचे आणि चिडायचे. तो सदरा अजून ट्रंकेत आहे, डाग तसाच. मला त्यांची लई आठवण येते, आणि हे लिहायला मला लाज न्हाई.

घरी आले तर मोनाली फोनवर माऊलीला म्हणून राह्यली होती, "न्हाई, मी आत्ताच जालन्याला येत न्हाई. इथं काम आहे." कसलं काम? दुपारभर झोपली असंल.

१० मे

करवंदं पिकली. टोपलं भरून आणलं. मोनालीला कोंबडा-कोंबडीचा खेळ शिकवला. फळ फोडायचं, आत लाल निघालं तर कोंबडा, गुलाबी निघालं तर कोंबडी. तिचा दर वेळी कोंबडा. पोटभर हसली. हिला हसता येतं हे मला माहीत नव्हतं.

मी बिया अंगणात थुंकत होते तर हिनं पुढं वाटी ठेवली. "आत्याबाई, बिया हिच्यात टाका." हायवेची लेक, अंगणात बी पडलं की घाण वाटते. टाकल्या वाटीत.

१५ मे

जांब समर्थला माझं माहेर. भाऊ पायरीवरून पडला, मांडीचं हाड मोडलं. बघायला जायला पाहिजे, पण बांध सोडून कसं जाणार? मंग कॅलेंडर बघितलं. उद्या अमावस्या. अमावस्येला आमच्या गावात कोणी औत धरत न्हाई, बैलांना जू लावत न्हाई. रामराव तर या बाबतीत पक्का, अमावस्येला दाढीसुद्धा करत न्हाई. म्हणजे एक दिवस बांधाला धोका न्हाई. उद्या जाते, परवा येते.

दुपारी जाऊ आली, नंदा, रामरावची बायको. ताक मागायला. त्यांच्याकडं म्हैस आहे आणि माझ्याकडं ताक मागते.

"उद्या जाता म्हणे जाऊबाई? अमावस्येचं कशाला जाता? परवा जावा."

मी म्हटलं, "औताला अमावस्या असते, एसटीला नसते."

"तरी पण. माझं ऐका, परवा जावा."

जाताना दारातून परत फिरली आणि परत तेच. मी कधी जाते, कधी येते, सगळं नवऱ्याला सांगायचं असंल. मी बिलकुल दाद दिली न्हाई.

१७ मे

जाळी न्हाई.

काल सकाळी जेसीबी आला, दुपारपर्यंत सगळं सपाट. रामराव स्वतः वावरात फिरकलाच न्हाई. घरी अमावस्या पाळत बसला होता. त्यानं जमिनीला हात लावला न्हाई, मशीननं लावला. एसटीला अमावस्या नसते हे मीच बोलले होते. जेसीबीला कुठून असणार, एवढं माझ्या डोक्यात आलं न्हाई. जन्म गेला ज्या रिवाजात त्याच्याच भरवशावर मी बांध उघडा टाकून गेले.

वरच्या कोपऱ्यात जाळीचा ढीग घातलाय, पाला अजून हिरवा. तिथंच बसून रडले. मोठ्यानं रडले. कोणी ऐकलं असंल तर ऐकू दे.

घरी आले तर मोनालीच्या पुढ्यात परात. पडलेल्या जाळीवरची करवंदं दिवसभर वेचून आणल्ती. हाताला कोपरापर्यंत ओरखडे, बोटं चिकानं काळी. मला इतका राग आला. मढ्याच्या अंगावरचे दागिने काढावे तसं वाटलं. "पोट भरलं का?" एवढंच विचारलं. तिनं परात उचलून आत नेली. तिच्या हातचं जेवले न्हाई.

१८ मे

सकाळी खुरपं घेऊन गेले. रामरावला वाटतं बांध सपाट झाला म्हणजे कुठं होता तेच कळणार न्हाई. माती उकरत गेले. उकरलं की तुटलेलं मूळ लागायचं आणि खुरपं बसलं की त्यातून पांढरा चीक यायचा. चीक आला की तिथं माझा बांध. असं करत करत या टोकापासून त्या टोकापर्यंत गेले, आणि चीक आला तिथं तिथं दगड ठेवला.

मंग ढिगाकडं वळले. त्याच जाळीच्या काट्यांचं कुंपण, कुपाटी घालायची, त्याच जागी. फांदी ओढली तर लुगडं फाटलं, हात फाटला. तेवढ्यात मोनाली आली. हातात लांब बेचकं, काटे उचलायचं. हायवेच्या लेकीला बेचकं कोणी दाखवलं कोण जाणे. ती उचलून द्यायची, मी रचून दाबायची. दिवस मावळेपर्यंत अर्धी कुपाटी झाली.

२४ मे

धोंड्याचा महिना लागलाय. माऊली सासऱ्याकडं वडीगोद्रीला जेवून, नवे कपडे घालून इकडं आला. कुपाटी पूर्ण झालेली बघितली आणि डोक्याला हात लावला.

"माय, जे व्हायचं ते झालं. आता तरी सोड. काका म्हणतो खालच्या वावराचं पण तोच बघंल. तू जालन्याला चल, आराम कर."

"माझे हातपाय तुझ्या काकानं मोजले का?"

"लोक हसून राह्यलेत."

"हसू दे. तुला तुझ्या बापाचा बांध पाडला याचं काही वाटलं न्हाई, मला लोकांच्या हसण्याचं काय वाटायचं?"

मंग तो मोनालीला म्हणला, भर पिशवी, तुला तरी नेतो. ती चुलीपुढून न उठता म्हणाली, "पोळ्यापर्यंत मी येत न्हाई." तो तिच्याकडं बघतच राह्यला. मी पण बघितलं. इतक्या दिवसांत पहिल्यांदा तिनं त्याला तोंडावर न्हाई म्हटलेलं ऐकलं. दोघांचं काही बिनसलं असंल, मी विचारलं न्हाई.

१३ जून

आज मोनालीला रामरावच्या आणि आमच्या घरामधल्या भिंतीपाशी पकडलं. नंदा पलीकडून काही तरी गाठोडं देत होती आणि ही पदराखाली घेत होती. मला बघून दोघी गप. म्हणजे माझा संशय खरा होता, इकडच्या बातम्या तिकडं जातात. गाठोड्यात काय म्हणून विचारलं तर म्हणे जुनी फडकी.

शिवाय ही पोरगी रोज भांड्याचं पाणी न्हाणीच्या मागं नेऊन ओतते. मोरीला काय झालं? तिथं जुन्या लुगड्याचा आडोसा केलाय, म्हणे कपडे वाळत घालते. कपडे तर मी दोरीवरच बघते.

२२ जून

पेरणी. रामरावनं ट्रॅक्टर लावला आणि ड्रायव्हरला सांगितलं, वरून सरळ खाली घे, कुपाटी मोडून. मी माझ्या अंगाला उभी होते, हातात काही न्हाई. ड्रायव्हर खाली उतरला, काटा हातात घेऊन बघितला आणि म्हणला, "रामराव, हा काटा टायरात गेला तर टायर माझं जाईल, तुमचं काय जाईल?" रामराव गोडीत बोलला, मंग चिडला. ड्रायव्हरनं ट्रॅक्टर फिरवला.

माझ्या वावरात मी सर्जेरावांचे बैल सांगून पेरलं. सोयाबीन आणि कडेनं तूर.

रामराव कुपाटीपाशी आला. पहिल्यांदाच न हसता बोलला. "वहिनी, वाळला काटा आहे. दिवाळीपर्यंत कडकडीत व्हईल. एक काडी पुरंल."

मी म्हटलं, "काडी लावताना तोंड दाखव म्हणजे झालं."

बोलले खरी. पण तो खोटं बोलला न्हाई. वाळली कुपाटी किती दिवसांची?

१७ जुलै

चीक आलेल्या जागी, तुटक्या मुळांना कोंब फुटलेत. तांबूस, चकचकीत, बोटाएवढे. सगळीकडं न्हाई, कुठं कुठं. जेसीबीला वाटलं संपवलं. मी खाली बसून एकेक कोंब बघितला आणि त्याला बोलले सुद्धा. काय बोलले ते इथं लिहीत न्हाई.

पण मधी लई जागा रिकाम्या आहेत. या चार कोंबांच्या जिवावर बांध उभा राहायचा न्हाई.

२१ ऑगस्ट

वरच्या टोकाची कुपाटी परवाच्या वाऱ्यात आडवी झाल्ती. आज उचलायला गेले तर नीट उभी, दाबून, वर दगड ठेवलेले. मोनाली म्हणाली मी न्हाई. सर्जेराव म्हणाले मी न्हाई. रामरावलाच लाज वाटली असंल.

२ सप्टेंबर

मोनाली बाजाराला गेल्ती. न्हाणीमागं पाल दिसली म्हणून झाडू घेऊन गेले आणि लुगड्याचा आडोसा वर केला.

पिशव्याच पिशव्या. दुधाच्या, तेलाच्या, तळाला भोक पाडलेल्या, मातीनं भरलेल्या, ओळीनं मांडलेल्या. प्रत्येकीत करवंदीचं रोप. वीतभरही न्हाई, पण अंगावर काटा आलेला. रोपाच्या अंगावर आणि माझ्याही.

मी तिथंच ओल्यात बसले. वाटीतल्या बिया आठवल्या. परात आठवली, काळी बोटं आठवली, आणि मी काय विचारलं होतं ते पण आठवलं.

ती आली तेव्हा मी चुलीवर होते. तिला ताट वाढलं, वर तुपाची धार सोडली. म्हटलं, "मला सांगितलं का न्हाई?"

"उगवली नसती तर तुम्ही परत रडल्या असत्या." मंग हळू म्हणाली, "करवंदीचं बी वाळलं की उगवत न्हाई आत्याबाई. ताजंच लावावं लागतं. म्हणून त्या दिवशी जल्दी जल्दी वेचली. मोबाईलवर वाचल्तं."

"माऊलीला माहीत आहे?"

"न्हाई. त्यांना पोळ्याला सांगणार होते, लावून झाल्यावर."

आम्ही दोघी जेवलो. तेलाच्या पिशव्या पामतेलाच्या आहेत, आम्ही पामतेल आणत न्हाई. पामतेल रामरावच्या घरी येतं. असतील कुठून तरी आणलेल्या, गावात पिशव्यांना काय तोटा.

११ सप्टेंबर, पोळा

रामरावची बैलजोडी मिरवणुकीत, तो तिच्यामागं. सगळं गाव वेशीपाशी. आम्ही दोघी टोपल्यात पिशव्या घेऊन बांधावर गेलो. ती खड्डा करायची, मी पिशवी फाडून रोप ठेवायची. जिथं कोंब होते ती जागा सोडली, रिकाम्या जागा भरत गेलो. कुपाटीच्या आडोशाला रोपं. कुपाटी कडकडीत होईपर्यंत ती मूळ धरतील, आणि ओल्या रोपाला काडी लागत न्हाई.

माऊली आला. मोनालीनं निरोप धाडल्ता वाटतं. बूट घालूनच कडेला उभा राहून बघत होता. मंग बूट काढले, टोपलं उचललं. रोप उलटं धरत होता, तेवढं सरळ करून दिलं.

दिवस कलला तेव्हा रामराव आला, कपाळाला गुलाल. मागं नंदा, पुरणपोळीचं ताट घेऊन. त्यानं ओळ बघितली. या टोकापासून त्या टोकापर्यंत.

"वहिनी," म्हणला, "आज अमावस्या आहे. अमावस्येला जमिनीला हत्यार लावत न्हाईत. विसरल्या का?"

मी उठले न्हाई. खुरपं हातात तसंच धरलं आणि म्हटलं, "तू मे महिन्यात विसरलास तशी."

त्यानं माऊलीकडं बघितलं. माऊलीनं मान वर केली न्हाई, पुढच्या खड्ड्यात रोप ठेवलं आणि माती लोटली. मंग रामराव त्याच्या वावरातून, त्याच्या अंगानं निघून गेला. जाताना बांधाला वळसा घातला.

नंदा ताट द्यायला मागं राहिली. तिच्या दोन्ही हातांवर ओरखडे, जुने, खपली धरलेले. मी विचारलं काय झालं, तर म्हणे मांजर. त्यांच्या घरी मांजर न्हाई. मोनाली तोंड फिरवून हसली. दोघींचं काय चाललंय देव जाणे.

रोपं संपली, खालच्या टोकाला थोडी जागा उरली. मोनाली म्हणाली ती पुढच्या साली. मी म्हटलं, पुढच्या मे महिन्यात तू आणि मी डोंगराला जाऊ, टोपलं भरून आणू, आणि बिया मी वाटीतच टाकीन.